वरपक्ष, वधूपक्ष आणि विरोधी पक्ष

प्रेमाचं विनोदी नाटक लिहायला फार भांडवल लागत नाही. एक मुलगा, एक मुलगी आणि एकमेकांचं तोंड न पाहणारे दोन बाप. मुलगा-मुलगी कशीही असली तरी खपून जातात. प्रेक्षक त्यांच्याकडे गाण्यापुरताच बघतो. बाप मात्र खणखणीत पाहिजेत. पहिल्या अंकात भांडले पाहिजेत, दुसऱ्यात त्याहून जोरात भांडले पाहिजेत आणि तिसऱ्या अंकात पडदा पडायला पाच मिनिटं उरली असताना ‘व्याही!’ म्हणून एकमेकांच्या गळ्यात पडले पाहिजेत. शेक्सपिअरचं बरं होतं. व्हेरोनातली ती दोन घराणी पाचव्या अंकाच्या शेवटापर्यंत इमानेइतबारे भांडली. ज्युलिएटचे वडील पहाटे अंघोळ करून रोमिओच्या वडिलांबरोबर शपथ घेऊन आले, असं एकदाही झालं नाही. झालं असतं तर रोमिओ वाचला असता आणि शेक्सपिअर माझ्यासारखा जिन्यात उभा राहून सोसायटीच्या सेक्रेटरींना ‘बघतो, काहीतरी बदल करतो’ असं सांगत बसला असता.

मी नाटककार आहे असं अख्ख्या डोंबिवलीत फक्त आमची सोसायटी मानते. बाहेरच्या नाटककाराला पैसे द्यावे लागतात, हे त्यामागचं एकमेव वाङ्मयीन कारण. आमच्याकडे २६ जानेवारीला सकाळी झेंडावंदन, दुपारी सत्यनारायण आणि संध्याकाळी कार्यक्रम असतो. आधी मुलांचे नाच, मग पाककलेची बक्षिसं, मग मोठ्यांचं नाटक. २०१९च्या दिवाळीच्या आसपास सेक्रेटरींनी मला लिफ्टमध्ये गाठलं. निवडणुकीचे निकाल नुकतेच लागले होते.

“यंदा राजकारणावर काहीतरी खुसखुशीत द्या,” ते म्हणाले. “फक्त एक बघा, राजकीय नको.”

मी लिहिलं. नाव ठेवलं ‘वरपक्ष विरोधी पक्ष’. मुलाचे वडील आबासाहेब म्हणजे कडवे शिवसैनिक, मुलीचे वडील अण्णासाहेब म्हणजे पिढीजात काँग्रेसवाले. दोघांची मुलं मतदान केंद्रात आपापल्या पक्षाचे पोलिंग एजंट म्हणून एकाच बाकावर बसतात. मतदारयादीत नाव शोधायला ती त्याची पट्टी मागते. पट्टी यादीवरून खाली सरकत जाते, तिची बोटं त्याच्या बोटांपर्यंत येतात, आणि तेवढ्यात एक आजोबा ‘माझं नाव आहे का बघा’ म्हणून ओरडतात. हा प्रवेश वाचून दाखवला तेव्हा माझे मलाच डोळे पुसावे लागले. बाकीच्यांनी चहा कधी येणार म्हणून विचारलं.

बापांची निवड तर देवानंच केली होती. तिसऱ्या मजल्यावरचे काका जुने शिवसैनिक. आमचे खजिनदार खादीतले काँग्रेसवाले. १९९५ साली युतीचं सरकार आलं तेव्हा काकांनी सगळ्या मजल्यांवर पेढे वाटले आणि खजिनदारांची बेल दोनदा वाजवली. तेव्हापासून दोघांचं बोलणं बंद. मेंटेनन्सचा चेक काका खजिनदारांच्या दाराखालून आत सरकवायचे आणि पावती काकांच्या दाराखालून आत यायची. अशा माणसांना अभिनय शिकवायचा नसतो, आवरायचा असतो. पहिल्याच तालमीला दोघांनी एकमेकांना असे संवाद मारले की निम्मे माझ्या संहितेत नव्हते आणि उरलेले कुठल्याच संहितेत ठेवता आले नसते. मी खूश होतो. नाटक उभं राहत होतं.

आणि नोव्हेंबर आला. त्या महिन्यात ज्यांनी नाटक लिहायला घेतलं त्यांच्याविषयी मला आयुष्यभर आपुलकी वाटेल. २३ तारखेला सकाळी माझ्या हातातल्या पेपरात एक मुख्यमंत्री ठरला होता आणि समोर टीव्हीवर दुसरेच शपथ घेऊन मोकळे झाले होते. चार दिवसांत तेही सरकार गेलं. २८ तारखेला शिवाजी पार्कवर शिवसेना, राष्ट्रवादी आणि काँग्रेस यांनी मिळून शपथ घेतली. त्या संध्याकाळी मी तालमीसाठी सोसायटीच्या ऑफिसात गेलो, तर काका आणि खजिनदार एकाच बाकावर मांडीला मांडी लावून बसलेले. समोर मोबाइल, मोबाइलवर शपथविधी, मधे चिवड्याचा डबा.

“घ्या ना,” खजिनदार काकांना म्हणत होते. “शेंगदाणे वेगळे काढू का? तुम्हाला दातांचा त्रास आहे ना?”

चोवीस वर्षं ज्या माणसाचं तोंड पाहिलं नाही, त्याच्या दाढा याला ठाऊक होत्या!

मी तालीम सुरू केली. आबासाहेबांचं वाक्य होतं, ‘त्या काँग्रेसवाल्याची मुलगी माझ्या घरात येईल ती माझ्या प्रेतावरून!’ काका उभे राहिले, चष्मा पुसला, कागद बघितला.

“हे वाक्य आता बरं दिसत नाही हो. किमान समान कार्यक्रमात बसत नाही.”

“काका, हे नाटक आहे.”

“म्हणूनच म्हणतो. तिकडे एवढं कष्टानं जमवलंय, आपल्यामुळे मोडायला नको.”

माझं नाटक पहिल्या अंकाच्या तिसऱ्या पानावर सुखान्त झालं. मुलं अजून पट्टीशी खेळत होती आणि बाप व्याही होऊन चिवडा खात होते.

मी हरलो नाही. अण्णासाहेबांना काँग्रेसमधून काढून भाजपमध्ये घातलं. कागदावर हे काम फार सोपं असतं. पेनानं एक शब्द खोडायचा. आपल्या पुढाऱ्यांनाही ते इतकं सोपं जातं याचं कारण तेच असावं. पण खजिनदार अडून बसले.

“आमची चौथी पिढी काँग्रेसमध्ये आहे.”

“अहो, नाटकापुरतं!”

“नाटकात तरी निष्ठा राहू द्या,” ते म्हणाले, आणि बोलताना त्यांचा आवाज खरोखर कापला. एवढा भाव त्यांनी अण्णासाहेबांच्या कामात कधी आणला नव्हता.

ही समजूत घालण्यात २६ जानेवारी गेली. मार्चमध्ये टाळेबंदी आली. पुढची दोन वर्षं नाटक कपाटात बंद होतं आणि नाटककार घरात. रंगभूमीच्या दृष्टीनं काळ वाईट होता, पण संहितेत एकही बदल करावा लागला नाही, हेही नमूद केलं पाहिजे.

मग २०२२च्या जूनमध्ये शिवसेनाच फुटली. आमदार सुरतेला गेले, तिथून गुवाहाटीला गेले, आणि महिना संपायच्या आत राज्याला शिंदे हे नवे मुख्यमंत्री मिळाले. सेक्रेटरी मला जिन्यात भेटून म्हणाले, “तुमचं तर काम सोपं झालं! आबासाहेब एका सेनेचे, अण्णासाहेब दुसऱ्या.” सांगायला सोपं होतं. रंगमंचावर दोन घरं दाखवायची, आणि दोन्ही घरांत भिंतीवर बाळासाहेबांचा तोच फोटो. दोघांचंही ‘जय महाराष्ट्र’. दोघांचंही म्हणणं, खरे आम्हीच. तालमीत नायिका सासरच्या घरात जायच्या वेळी माहेरच्या घरात शिरायची आणि कुणाच्या लक्षात यायचं नाही, तिच्याही नाही.

शिवाय प्रेमगीतासाठी आम्ही भाड्यानं एक चित्रांचा पडदा आणला होता. त्यावर झाडं होती, मागे डोंगर होते. सांगोल्याचे तेव्हाचे आमदार शहाजीबापू पाटील यांनी गुवाहाटीहून केलेलं ‘काय झाडी, काय डोंगार, काय हाटील’ हे फोनवरचं संभाषण तोपर्यंत पोरासोरांच्या तोंडी झालं होतं. नायक नायिकेचा हात धरून पडद्यासमोर उभा राहिला की तालीम बघायला जमलेली टवाळ पोरं एका सुरात विचारायची, “हाटील कुठाय?” पुढे पुढे नायकही हात धरायच्या आधी मागे वळून बघायला लागला.

त्या वर्षीचा खरा गोंधळ आमच्या नाटकात झालाच नाही. तो झाला मुलांच्या रामायणात. ऑक्टोबरमध्ये निवडणूक आयोगानं धनुष्यबाण गोठवला होता. २६ जानेवारीला पहिलीतला राम खांद्याला पुठ्ठ्याचं धनुष्य लावून तयार, आणि सेक्रेटरी त्याच्या आईला अडवून उभे.

“हे चिन्ह गोठवलेलं आहे, ताई. उगाच वाद नको.”

“मग रामाच्या हातात काय देऊ?” आई म्हणाली. “ढाल-तलवार?”

“छे छे! ते एका गटाला मिळालंय.”

“मशाल?”

“ती दुसऱ्या.”

शेवटी राम रिकाम्या हातानं स्टेजवर आला, मारीचाकडे बघून काय करावं ते त्याला सुचेना, म्हणून त्यानं शिकवल्याप्रमाणे आशीर्वादाचा हात वर केला. पाचही बोटं सरळ. पहिल्या रांगेतून लगेच आवाज आला, “हा प्रचार आहे!” त्या हातावर तिथे जी चर्चा झाली ती संपेपर्यंत मारीच झोपला होता आणि हॉलची वेळ संपली होती. नाटकाच्या सार्वजनिक प्रयोगासाठी संहिता परिनिरीक्षण मंडळाकडे पाठवावी लागते, अशी नाट्यव्यवसायातली मंडळी नेहमी कुरकुर करतात. त्यांनी एकदा आमच्याकडच्या पहिल्या रांगेत बसून पाहावं.

पक्षभेद आणि प्रेम यांचं खरं नाटक तोवर तिसऱ्या मजल्यावर सुरू झालं होतं, आणि तेही माझ्या मदतीशिवाय. २०२३च्या मार्चमध्ये एसटीत बायकांना अर्धं तिकीट झालं. काकूंचं माहेर संगमेश्वरचं. काकू अर्ध्या तिकिटात माहेरी जाऊन आल्या, काजूगर आणले, सोलं आणली आणि उंबरठ्यावर पिशवी ठेवता ठेवता जाहीर केलं, “मी आता शिंद्यांची.”

काकांनी दोन दिवस काजूची उसळ खाल्ली नाही. तिसऱ्या दिवशी खाल्ली, पण ‘ही माझ्याच खिशातल्या पैशांची आहे’ असं बजावून.

दोघांत ज्याला भांडण म्हणावं असं काही नव्हतं. फक्त घराची वाटणी झाली होती. बाळासाहेबांच्या फोटोला हार कुणी घालायचा, यावरून वाद नको म्हणून दोन हार आले. फोटोत चेहरा तेवढा दिसायचा. चहा एकच, पण ‘तुमच्या पक्षप्रमुखांना विचारा, साखर किती’ असं म्हणून मिळायचा. आणि दसऱ्याला तर दोन मेळावे! शिवाजी पार्कला एक, आझाद मैदानावर दुसरा, आणि घरात टीव्ही एक. मी सोनं द्यायला गेलो होतो. आपट्याची पानं हातात तशीच राहिली. काका शिवाजी पार्क लावायचे, काकू आझाद मैदान. दर दोन मिनिटांनी गर्दी तीच, झेंडे तेच, फक्त भाषण मधूनच तुटून दुसरीकडे जोडलं जायचं, आणि खरं सांगतो, ते जोडलेलं भाषणही अर्थाला फारसं कमी पडत नव्हतं. शेवटी काकांनी रिमोटमधले सेल काढून सदऱ्याच्या खिशात टाकले. काकू शांतपणे उठल्या, त्यांनी भिंतीवरच्या घड्याळातला सेल काढून आणला, मग एकच पुरत नाही म्हणून देवघरातल्या गायत्री मंत्राच्या यंत्रातला दुसरा काढला आणि आझाद मैदान लावलं.

मला राहवलं नाही. म्हटलं, अशी जोडपी पूर्वीही होती. आचार्य कृपलानींनी ऑगस्ट १९६३मध्ये नेहरूंच्या सरकारवर लोकसभेतला पहिला अविश्वास ठराव मांडला, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये त्यांच्या पत्नी सुचेताबाई त्याच काँग्रेसच्या उत्तर प्रदेशातल्या मुख्यमंत्री झाल्या. देशातल्या पहिल्या महिला मुख्यमंत्री!

“बघा,” काकू काकांना म्हणाल्या. “त्यांनी बाईंच्या रिमोटला हात लावला होता का?”

“तेव्हा टीव्ही नव्हता,” काका म्हणाले.

“म्हणून टिकलं.”

तेवढ्यात खजिनदार सोनं द्यायला आले. त्यांचं वाचन दांडगं. त्यांनी केरळचं उदाहरण काढलं. टी. व्ही. थॉमस आणि गौरी अम्मा १९५७च्या मंत्रिमंडळात दोघंही मंत्री होते, तेव्हाच लग्न झालं. १९६४मध्ये कम्युनिस्ट पक्ष फुटला तेव्हा नवरा एकात गेला, बायको दुसऱ्यात. आणि १९६७मध्ये आघाडीचं सरकार आलं तर त्यातही पुन्हा दोघं मंत्री!

“वा!” काकू म्हणाल्या. “आणि पुढे?”

खजिनदारांनी आपट्याची पानं या हातातून त्या हातात घेतली. पुढे ते दोघं वेगळे झाले, हे सांगायची त्यांची छाती होईना. “पुढचा भाग मी अजून वाचलेला नाही,” ते म्हणाले, आणि जिना उतरताना मला म्हणाले, “इतिहास सांगताना मध्यंतराला थांबावं.”

नाटकाकडे परत येऊ. त्याच वर्षी जुलैमध्ये राष्ट्रवादी फुटली तेव्हा मी शांत होतो. आबासाहेब-अण्णासाहेबांना राष्ट्रवादीत हलवण्याची सूचना आलीच, पण मी नेपथ्यातल्या भिंतीवरचं घड्याळ तेवढं उतरवलं आणि गप्प बसलो. पुढच्या फेब्रुवारीत शरद पवारांच्या पक्षाला तुतारी वाजवणारा माणूस मिळाला, तेव्हा आमच्या लग्नाच्या प्रवेशातली तुतारीही गेली. तिच्या जागी सनई लावली. कुणीतरी पिपाणी सुचवली होती. पण लोकसभेला साताऱ्यात पिपाणीवाल्या अपक्षानं तुतारीच्या हरलेल्या उमेदवाराच्या पिछाडीपेक्षा जास्त मतं घेतली, आणि त्यानंतर आमच्याकडे पिपाणी हा शब्द दबक्या आवाजात उच्चारतात.

पण २०२४नं मला खरोखर जेरीस आणलं. मी काहीही लिहावं आणि पेपरात त्याहून चढ यावं. वडील एका शिवसेनेचे खासदार आणि मुलगा दुसऱ्या शिवसेनेचा उमेदवार, असा प्रवेश मी लिहिला असता तर सेक्रेटरींनी ‘अतिशयोक्ती’ म्हणून फाडला असता. वायव्य मुंबईत गजानन कीर्तिकर आणि अमोल कीर्तिकर यांच्या घरात ते घडलं, आणि मुलगा हरला तो ४८ मतांनी. एवढी मतं आमच्या एका विंगमध्ये आहेत! अहेरीत विधानसभेला धर्मरावबाबा आत्राम यांच्याविरुद्ध त्यांची मुलगी उभी राहिली. मुक्ताईनगरात एकनाथ खडसे शरद पवारांच्या पक्षात आणि सूनबाई रक्षा खडसे भाजपच्या केंद्रीय राज्यमंत्री. मी तालमीत नवा प्रवेश वाचायला घेतला की मंडळी म्हणायची, “ही बातमी आहे. नाटक कुठाय?”

नायक-नायिकेची तक्रार वेगळी होती. दोघं आयटीतली. त्यांना पाठांतराचा कंटाळा नव्हता, पण एक पाठ झालं की पक्ष बदलायचा. “सर, आम्ही नक्की कशामुळे लग्न करू शकत नाही?” नायिकेनं एकदा विचारलं. मला उत्तर आठवेना. मी म्हटलं, “भावनेनं म्हण, कळेल.”

शेवटी मी सगळ्या पक्षांची नावं काढून टाकली. आबासाहेब म्हणायचे ‘आमचा पक्ष’, अण्णासाहेब म्हणायचे ‘आमचा पक्ष’, आणि दोघंही एकमेकांना म्हणायचे ‘तुमचा पक्ष’. झेंडे काढले, शेले काढले, चिन्हं काढली. स्वयंपाकघराच्या प्रवेशात शिट्टी, कुकर, कपबशी, किटली सगळीच अपक्षांची चिन्हं निघाली, म्हणून तो प्रवेश दिवाणखान्यात नेला. तिथे पंखा होता, तो बंद ठेवला. आणि गंमत बघा, नाटक एकदम धारदार झालं. ज्याला जो पक्ष आवडत नव्हता तो त्यात दिसायला लागला. खजिनदारसुद्धा खूश. चौथ्या पिढीची अब्रू वाचली होती.

२६ जानेवारी २०२५. प्रयोगाचा दिवस. प्रमुख पाहुणे आमच्या भागातले एक नेते. निमंत्रणपत्रिका छापायला दिल्या तेव्हा ते एका पक्षात होते, आल्या तेव्हा दुसऱ्यात. सेक्रेटरींनी बॅनरवरच्या जुन्या चिन्हावर झेंडूचं तोरण सोडलं. नेते आले, तोरणाकडे बघितलं, कौतुकानं मान हलवली.

प्रॉम्प्टिंगला काकू होत्या. त्याला इलाज नव्हता. काकांना दुसऱ्या कुणाचं ऐकू येत नाही. खरं तर काकूंचंही येत नाही, पण सवयीनं ते मान डोलावतात. विंगेत खुर्ची टाकून, मांडीवर संहिता आणि हातात बॅटरी घेऊन काकू बसल्या.

पहिला अंक झकास झाला. पट्टीच्या प्रवेशाला कुणीतरी शिट्टी मारली (तीही चालून गेली). दुसऱ्या अंकाचा शेवट म्हणजे आबासाहेबांचं मोठं भाषण. मुलगा ‘बाबा, माझ्यासाठी पक्ष सोडा’ म्हणतो आणि आबासाहेब म्हणतात, ‘प्राण गेला तरी पक्ष सोडणार नाही!’ त्यावर अंक पडायचा. काका मधोमध उभे राहिले. “लोक मला विचारतात...” इथपर्यंत आले आणि थांबले. पुढचं गेलं. हॉल गप्प. काकांनी हळूच विंगेकडे कान केला.

काकूंनी बॅटरी विझवली आणि ठणठणीत आवाजात वाक्य दिलं, “मतदारसंघाच्या विकासासाठी...”

“मतदारसंघाच्या विकासासाठी,” काका म्हणाले, आणि मग त्यांना पुढच्या प्रॉम्प्टिंगची गरजच उरली नाही. इतक्या वर्षांत टीव्हीवर ऐकून ऐकून ते भाषण त्यांच्या अंगात मुरलं होतं. “...आणि कार्यकर्त्यांच्या आग्रहाखातर, जड अंतःकरणानं, मी आज वेगळा निर्णय घेतोय!”

टाळ्यांचा असा कडकडाट आमच्या हॉलनं पूर्वी ऐकला नव्हता. समोर खजिनदार अवाक. त्यांच्याकडे अजून पाऊण तासाचं भांडण शिल्लक होतं आणि भांडायला माणूस राहिला नव्हता. त्यांनी माझ्याकडे बघितलं, मी छताकडे. मग त्यांनी खादीची टोपी सरळ केली, दोन्ही हात पसरले आणि म्हणाले, “आमचे दरवाजे उघडेच आहेत!”

दोघं गळ्यात पडले. पडदा ओढणाऱ्या मुलाला मी महिनाभर एकच गोष्ट घोटून घोटून शिकवली होती, की बाप गळ्यात पडले की नाटक संपलं. त्यानं चोख पडदा ओढला.

लगेच प्रमुख पाहुणे माइकपाशी गेले. नाटक लवकर आटोपल्याचा आनंद त्यांच्या चेहऱ्यावर होता. त्यांना अजून हळदी-कुंकवाचे कार्यक्रम होते. निष्ठा म्हणजे काय असतं हे आजच्या तरुणांनी आबासाहेबांकडून शिकावं, असं ते म्हणाले. काका हात जोडून उभे. काकू विंगेतून बाहेर आल्या, काकांच्या हातात पाण्याचा ग्लास देऊन म्हणाल्या, “छान बोललात. आता घरी पण तसंच.”

“मी फक्त प्रॉम्प्टिंग ऐकलं,” काका म्हणाले.

“सगळे तेच म्हणतात.”

प्रसादाचा शिरा वाटायला सुरुवात झाली. मी विंगेमागे गेलो, तर तिसऱ्या अंकाचे नायक-नायिका तिथे उभे होते. मुंडावळ्या बांधलेल्या, हातात हार, आणि दोघांमधे अंतरपाट धरून उभी असलेली दोन लहान मुलं पेंगुळलेली. नायिका सेक्रेटरींना म्हणाली, “काका, आमचं लग्न राहिलं.”

“वरच्या पातळीवर ठरलंय ना?” सेक्रेटरी म्हणाले. “मग खालचं होईल हळूहळू. आधी खुर्च्या आवरा.”